कौटुंबिक न्यायालयातली तडजोड एका पक्षाने नाकारली तर

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. धाकट्या भावाचा आणि त्याच्या पत्नीचा वाद न्यायालयाच्या मध्यस्थी केंद्रात मिटला. कायमची पोटगी म्हणून पंधरा लाख तीन हप्त्यांत, मुलगी आईकडे, दोन्हीकडच्या केसेस मागे आणि परस्पर संमतीने घटस्फोट, असं ठरलं. दोघांच्या आणि मध्यस्थाच्या सह्या झाल्या, संयुक्त अर्ज दाखल झाला, पाच लाखांचा पहिला हप्ता दिला गेला. आता शेवटच्या तारखेच्या तोंडावर पत्नीने अर्ज दिला आहे: सही घरच्यांच्या दबावाने झाली, नवऱ्याने उत्पन्न लपवलं, तिला हा समझोता मान्य नाही. तुम्ही विचारता, सही केल्यावर असं फिरता येतं का, आणि आमचे पाच लाख बुडाले का.

घटस्फोटापुरतं तिला फिरता येतं. पैशांच्या आणि इतर अटींपुरतं तितक्या सहज येत नाही. तडजोडपत्र एकच असलं तरी त्यात दोन निरनिराळ्या गोष्टी असतात. एक, विवाह संपवायला दिलेली संमती. दुसरी, देण्याघेण्याचा करार. कायदा या दोन्हींकडे वेगळ्या नजरेने बघतो. पक्षकार आणि कधी कधी वकीलही हे दोन्ही एकत्र कालवतात, आणि मग वर्षानुवर्षं चुकीच्या अर्जावर भांडत बसतात.

आधी संमतीचं बघू. हिंदू विवाह कायद्याचं कलम १३ब १९७६ च्या दुरुस्तीने आलं. अर्ज दाखल झाल्यावर किमान सहा महिने थांबायचं आणि अठरा महिन्यांच्या आत दोघांनी मिळून पुढची मागणी करायची, अशी त्याची रचना आहे. मधला काळ विचार बदलायलाच ठेवलेला आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९९१ मध्ये स्पष्ट केलं की हुकूमनामा (न्यायालयाचा अंतिम आदेश) होईपर्यंत दोघांचीही संमती टिकली पाहिजे, आणि त्याआधी एक जण एकतर्फीही ती मागे घेऊ शकतो. २००९ मध्ये मुंबईच्या कौटुंबिक न्यायालयातून गेलेल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने आणखी पुढचं सांगितलं: नवरा तारखेला आला नाही म्हणजे त्याची संमती कायम आहे असं गृहीत धरता येणार नाही. न्यायाधीशांना त्या दिवशी संमती खरोखर आहे याची खात्री पटली पाहिजे. २०१७ मध्ये सहा महिन्यांची मुदत योग्य प्रकरणात माफ करता येते असं ठरलं, पण ती मुदत माफ होते, संमतीची गरज माफ होत नाही. विशेष विवाह कायद्याखाली लग्न झालेलं असेल तरी त्याच्या कलम २८ खाली मुद्दा हाच.

म्हणून "तिने सही केली आहे, आता घटस्फोट द्याच" असा अर्ज कौटुंबिक न्यायालयात टिकणार नाही. २०२३ मध्ये घटनापीठाने विवाह पूर्ण मोडला असेल तर राज्यघटनेच्या अनुच्छेद १४२ खाली घटस्फोट देता येतो असं म्हटलं, त्याची बातमी वाचून अनेक जण आशेने येतात. तो अधिकार फक्त सर्वोच्च न्यायालयाचा आहे. कौटुंबिक न्यायालयाला किंवा उच्च न्यायालयाला तो नाही.

ती संमती देणारच नसेल तर संयुक्त अर्ज निकाली निघेल आणि तुमच्या भावाला कलम १३ खाली स्वतंत्र अर्ज करावा लागेल. त्यात क्रूरता किंवा इतर कारण पुराव्याने सिद्ध करावं लागतं. पैसे घेऊन ऐनवेळी फिरणं हे क्रूरतेच्या आरोपात मांडता येतं, काही निकालांत ते विचारातही घेतलं गेलं आहे, पण त्या एकाच गोष्टीवर दावा उभा करू नका.

आता कराराकडे. इथे पहिला प्रश्न सही खरी की दबावाची हा नाही. तो कागद आज कोणत्या टप्प्यावर आहे, हा आहे. दोघांनी मध्यस्थी केंद्रात सही केलेला कागद हा अजून पक्षकारांमधला करार आहे. तो न्यायालयापुढे आला, न्यायाधीशांनी दोघांना विचारून नोंदवला, की त्याला न्यायालयाच्या नोंदीचा दर्जा येतो. त्यावरून हुकूमनामा झाला की चित्र पुन्हा बदलतं. तुमच्या वकिलांकडून रोजनाम्याची, म्हणजे न्यायालयातल्या प्रत्येक तारखेच्या नोंदीची, नक्कल मागवा आणि समझोता नुसता दाखल झाला आहे की नोंदवून घेतला आहे, त्यावर दोघांचे जबाब झाले आहेत का, हे स्वतः वाचा. या एका कागदावर तुमचं पुढचं सगळं ठरणार आहे.

दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश २३ नियम ३ इथे लागू होतो. १९७६ च्या दुरुस्तीपासून तडजोड लेखी आणि पक्षकारांच्या सहीची असली पाहिजे. एक म्हणतो तडजोड झाली आणि दुसरा नाकारतो, अशा वेळी न्यायालयाने तो प्रश्न स्वतः ठरवायचा आहे, आणि सबळ कारण नोंदवल्याशिवाय त्यासाठी तारीख द्यायची नाही, असं नियमातच लिहिलं आहे. प्रत्यक्षात हे वाक्य फार कमी वेळा न्यायाधीशांच्या नजरेस आणून दिलं जातं. समोरच्याचा अर्ज आला की आपलं म्हणणं दाखल करायला मुदत, मग युक्तिवादाला मुदत, असं चालतं. तुमच्या वकिलांना म्हणणं दाखल करतानाच हे परंतुक (नियमातली ही जोड-अट) मांडायला सांगा आणि चौकशी लगेच लावून घ्या. पुरावा ताजा असतो तेव्हा खरं बाहेर येण्याची शक्यता जास्त असते, आणि ते दोन्ही बाजूंच्या हिताचं आहे.

त्याच नियमाचं स्पष्टीकरण सांगतं की करार कायद्याखाली जो करार रद्दबातल किंवा रद्द होण्याजोगा आहे, तो कायदेशीर तडजोड मानायचा नाही. म्हणजे जबरदस्ती, अनुचित प्रभाव, फसवणूक, चुकीचं निवेदन हे सगळे आक्षेप तिला घेता येतात. मात्र "दबाव होता" एवढं मोघम लिहून भागत नाही. आदेश ६ नियम ४ प्रमाणे कोणी, कधी, कुठे, काय म्हणून दबाव आणला, काय लपवलं, याचा तपशील अर्जात द्यावा लागतो, आणि सिद्ध करण्याचा भार आक्षेप घेणाऱ्यावर असतो. आईवडील म्हणाले "मिटवून टाक, किती दिवस कोर्टात फिरणार", हे मनाला लागणारं असतं, पण कायद्याच्या भाषेतली जबरदस्ती होत नाही. सही केली नाही तर मुलीला भेटू देणार नाही अशी धमकी, दागिने अडकवून ठेवणं, समोरच्याने पाठवलेल्या माणसांनी घरात येऊन बसणं, हे वेगळं. त्याला पुरावा लागतो: त्या दिवसांतले मेसेज, कॉल रेकॉर्डिंग, पोलिसांत दिलेला अर्ज, एखाद्या नातेवाइकाची साक्ष. मोबाइलमधला पुरावा दाखल करताना भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र जोडायला विसरू नये. ते नसल्यामुळे चांगले पुरावे बाहेर राहिलेले मी पाहिले आहेत.

मध्यस्थाला किंवा विवाह समुपदेशकाला साक्षीला बोलवू, असं दोन्हीकडून सुचवलं जातं. तिथे झालेलं बोलणं गोपनीय असतं आणि ते तसंच राहिलं पाहिजे, नाहीतर उद्या त्या खोलीत कोणी मनमोकळं बोलणार नाही. भरवसा ठेवायचा तर मध्यस्थीबाहेरच्या पुराव्यावर आणि सहीनंतरच्या वागण्यावर. तिने पाच लाखांचा ड्राफ्ट खात्यात भरला, तीन महिने काही तक्रार केली नाही, दुसरा हप्ता कधी देणार असं विचारलं, असं असेल तर दबावाची कथा पातळ होते. सहीनंतर चार दिवसांत तिने आक्षेपाचं पत्र पाठवलं असेल आणि रक्कम वापरलीच नसेल, तर ती तितकीच वजनदार होते.

तिच्या अर्जातला उत्पन्न लपवल्याचा मुद्दा मात्र तुम्ही गंभीरपणे घ्या. सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२० मध्ये पोटगीच्या प्रकरणांत दोघांनीही मालमत्ता आणि देण्यांचं शपथपत्र देणं बंधनकारक केलं. तुमच्या भावाने ते दिलं आहे का? त्यात पगार, बोनस, मुदतठेवी, म्युच्युअल फंड, दुसऱ्या नावावरचा फ्लॅट सगळं खरं आहे का? खोट्या शपथपत्राच्या आधारावर झालेला समझोता हा फसवणुकीचा समझोता ठरू शकतो, आणि मग सही कितीही स्वखुशीची असो, ती टिकणार नाही. शपथपत्रात काही राहून गेलं असेल तर ते आत्ताच दुरुस्त करा. तुमच्या बाजूला फक्त सहीचा आधार असून पुरणार नाही, तिला सही करताना पूर्ण चित्र माहीत होतं हेही दाखवता आलं पाहिजे.

भाषेचाही एक मुद्दा आहे, आणि तो मला फार खटकतो. सहमतीच्या अटी बहुतेक वेळा इंग्रजीत टाइप होतात आणि सही मराठीत असते. ज्या बाईचं किंवा पुरुषाचं आयुष्य त्या आठ पानांवर ठरणार, तिला किंवा त्याला ती पानं वाचताच येत नाहीत. कुणीतरी घाईत दोन ओळींत सांगतं, "पैसे मिळतील, केसेस संपतील." मजकूर मराठीत समजावून सांगितल्याची ओळ खाली छापलेली असते, पण तसं समजावलं जातंच असं नाही. प्रत मराठीत करणं अवघड नाही, न्यायालयं मराठी मजकूर स्वीकारतात. वाद झाल्यावर तीच मराठी प्रत दोघांना वाचवते.

आता पाच लाखांचं. तडजोडपत्रात फक्त "दोघांना मान्य आहे" असं असेल तर ते मोडणं हा नुसता करारभंग आहे. न्यायालयाला दिलेली हमी, ज्याला आपण अंडरटेकिंग म्हणतो, ती स्पष्ट शब्दांत असेल आणि न्यायालयाने ती स्वीकारलेली असेल, तर ती जाणूनबुजून मोडणं हा १९७१ च्या कायद्याखाली न्यायालयाचा अवमान ठरू शकतो. हमी नसलेल्या नुसत्या तडजोडीचा भंग म्हणजे अवमान नव्हे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९७९ मध्येच सांगितलं आहे. दिल्ली उच्च न्यायालयाच्या खंडपीठाने २०१८ मध्ये कलम १३ब च्या संदर्भात तोल साधला: हमी मोडल्याबद्दल अवमानाची कारवाई होऊ शकते, पण त्या कारवाईच्या धाकाने कोणाला घटस्फोटाची संमती द्यायला लावता येणार नाही. अवमानाची दाद प्रसंगापासून एक वर्षात मागायची असते, तेवढं लक्षात ठेवा.

व्यवहारात पाच लाख बुडत नाहीत. संमती मागे घेतली जात असेल तर त्या समझोत्याखाली मिळालेली रक्कम परत करावी किंवा पुढे ठरणाऱ्या पोटगीत वळती करावी, अशी मागणी तिच्या अर्जावरच्या तुमच्या म्हणण्यातच लेखी करा. न्यायालयं एका पक्षाला फायदा ठेवून बंधन झटकू देत नाहीत. २००४ चा सर्वोच्च न्यायालयाचा एक निकाल या बाबतीत नेहमी उपयोगी पडतो. त्यात पत्नीने तडजोडीप्रमाणे घटस्फोट मिळवून घेतला आणि तरीही फौजदारी तक्रार चालू ठेवली. न्यायालयाने ती तक्रार रद्द केली. तुमच्या प्रकरणात अजून घटस्फोट झालेला नाही, म्हणून तो निकाल जसाच्या तसा लागू होणार नाही, पण त्यामागचं तत्त्व रकमेला लागू करून मागता येईल.

तरी मी तुम्हाला सांगेन, पैसे परत मागण्याच्या आवेशात पोटगी थांबवू नका. मुलीचा खर्च तर अजिबात नाही. तडजोड वादात गेली म्हणून बापाची जबाबदारी वादात जात नाही, आणि त्या महिन्यांत खर्च बंद केला ही नोंद पुढे प्रत्येक तारखेला तुमच्या भावाच्या विरोधात वाचली जाईल.

ज्यांचा हुकूमनामा आधीच झाला आहे, त्यांचा रस्ता वेगळा आहे. कौटुंबिक न्यायालय कायदा १९८४ च्या कलम १९(२) प्रमाणे पक्षकारांच्या संमतीने झालेल्या हुकूमनाम्यावर अपील चालत नाही. तडजोड बेकायदेशीर होती म्हणून वेगळा दावाही लावता येत नाही, तो आदेश २३ नियम ३अ ने बंद केला आहे. ज्या न्यायालयाने ती तडजोड नोंदवली, त्याच न्यायालयात जाऊन ती फसवणुकीची किंवा बेकायदेशीर होती हे दाखवावं लागतं. २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे ठामपणे सांगितलं. लोकअदालतीत मिटलेलं प्रकरण असेल तर तो निवाडा अंतिम मानला जातो आणि उच्च न्यायालयात रिट याचिकेशिवाय मार्ग नाही, तोही अगदी मर्यादित कारणांसाठी. दोन्हीकडे उशीर घातक ठरतो. समोरच्याने दुसरं लग्न केल्यानंतर, घर विकल्यानंतर आलेल्या अर्जाकडे न्यायालय फार सावधपणे बघतं.

हुकूमनामा मान्य आहे पण समोरचा पाळत नाही, अशी तक्रार असेल तर दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, लावायची. नवा दावा नको. पैशांच्या हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीला बारा वर्षांची मुदत आहे. दरखास्तीतलं न्यायालय अटींचा अर्थ लावू शकतं, अटी बदलू शकत नाही. म्हणून "मुलीच्या शिक्षणाचा खर्च वडील करतील" अशी सैल ओळ पुढे छळते. शाळेची फी तेवढीच, की क्लास, हॉस्टेल, परदेशातलं शिक्षणही?

काही अटी दोघांनी हसतमुखाने मान्य केल्या तरी पक्क्या होत नाहीत. "पत्नी यापुढे कधीही, कोणत्याही कायद्याखाली पोटगी मागणार नाही" ही सर्वांत ठरावीक ओळ. सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये अशी अट सार्वजनिक धोरणाविरुद्ध ठरवली आणि पत्नीचा पुढचा पोटगीचा दावा चालू दिला. मुंबई उच्च न्यायालयानेही २००४ मध्ये सहमतीच्या अटींतला असाच त्याग बाजूला ठेवला होता. वाजवी रक्कम एकदाच देऊन, ती कशापोटी आहे हे लिहून केलेली तडजोड टिकण्याची शक्यता कितीतरी जास्त. एक रुपयाही न देता लिहून घेतलेला त्याग मी अशिलाला कधीच सुरक्षित म्हणून सांगत नाही. मुलाचा पोटगीचा हक्क तर आईला सोडताच येत नाही, तो तिचा नाहीच. ताबा आणि भेटीच्या अटीही कायमच्या नसतात. २०१० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने संमतीच्या घटस्फोटात ठरलेली भेटीची व्यवस्था मुलाच्या हितासाठी नंतर बदलणं योग्य ठरवलं, कारण आई परदेशी जाणार होती. मुलं वाढतात, शाळा बदलतात, आजारी पडतात. चार वर्षांच्या मुलीसाठी लिहिलेली अट ती चौदाची झाल्यावर चालेल असं मानणं तिच्यावर अन्याय आहे.

शंभर-पाचशेच्या स्टँपपेपरवर नोटरीपुढे लिहिलेली फारकत घेऊनही लोक येतात. रूढीने मान्य असलेला घटस्फोट सिद्ध करता आला नाही तर हिंदू विवाह त्या कागदाने संपत नाही. त्यावर विसंबून कोणी दुसरं लग्न करू नये.

तुमच्या प्रकरणात अजून बोलणी शक्य आहेत, म्हणून क्रमाबद्दल सांगतो. वाद बहुतेक वेळा रकमेवरून पेटत नाही, आधी कोणी काय करायचं यावरून पेटतो. नवऱ्याला वाटतं पैसे दिले आणि छळाची ४९८अ ची केस तशीच राहिली तर? पत्नीला वाटतं केस रद्द करून दिली आणि पैसे आले नाहीत तर? ही भीती दोन्हीकडे खरी असते, तिला लोभ किंवा लबाडी म्हणून हिणवू नये. ४९८अ, जे आता भारतीय न्याय संहितेत कलम ८५ आणि ८६ आहे, पत्नीच्या नुसत्या अर्जाने मागे घेता येत नाही, उच्च न्यायालयात रद्द करून घ्यावं लागतं, आणि त्यासाठी तिचं शपथपत्र लागतं. म्हणून शेवटचा हप्ता ड्राफ्टने न्यायालयात जमा करायचा आणि उच्च न्यायालयाचा आदेश आल्यावर तो तिला द्यायचा, अशी मांडणी दोघांनाही निर्धास्त करते. कौटुंबिक हिंसाचाराचा अर्ज, पोटगीचा अर्ज, बदली याचिका, प्रत्येकाचा क्रमांक आणि न्यायालय तडजोडीत लिहा. "सर्व केसेस" हे दोन शब्द पुरेसे नाहीत.

घर देणार असाल तर त्याचं पूर्ण वर्णन मूळ अर्जातच आणा. दाव्याचा विषय नसलेली स्थावर मालमत्ता तडजोडीने हस्तांतरित केली तर नोंदणीचा प्रश्न उभा राहतो. आणि बँक तुमच्या सहमतीच्या अटींना बांधील नसते. कर्ज दोघांच्या नावावर असेल तर हुकूमनाम्यानंतरही थकलेल्या हप्त्यासाठी बँक दोघांनाही धरेल, त्यामुळे कर्जातून नाव काढण्याचं बँकेचं पत्र आधी हवं. सोसायटीच्या शेअर सर्टिफिकेटचं काम त्यानंतरचं.

पुढच्या तारखेआधी रोजनाम्याची नक्कल काढा, भावाचं शपथपत्र पुन्हा तपासा, पाच लाखांच्या पावतीसह लेखी म्हणणं तयार करा. त्याच दिवशी वकिलांमार्फत प्रकरण पुन्हा मध्यस्थीकडे पाठवण्याची विनंतीही करा. तिथे जाताना एक गोष्ट ठरवून जा: तिची तक्रार नेमकी कशाची आहे, ते तिच्याच तोंडून ऐका, मध्ये नातेवाईक नकोत. रक्कम कमी वाटते, की दागिने परत मिळाले नाहीत, की दुसरा हप्ता येणार नाही अशी भीती आहे? अर्जात दबाव लिहिलेला असतो, पण बऱ्याचदा मागे स्त्रीधनाची एक यादी असते जी कोणी टाइपच केलेली नसते.